अमर शेख म्हणजे कुणाचा दाखला नव्हे

दरवर्षी १ मे जवळ आला की शाहीर अमर शेख यांचा जुना काळा-पांढरा फोटो मोबाइलवर फिरू लागतो. खालचा मजकूर थोड्याफार फरकाने तोच असतो : मुसलमान असूनही महाराष्ट्रासाठी गायले. पाठवणाऱ्यांत शिक्षक असतात, कारखान्यातले ओळखीचे असतात, नात्यातली मुलंही असतात. कुणाच्या हेतूबद्दल मला शंका नाही. पण त्या ओळीतला ‘असूनही’ मला खुपतो आणि आज मला त्या एका शब्दाशीच भांडायचं आहे.

मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते. व्याकरणाच्या तासाला मुलांना सांगते, ‘पाऊस असूनही तो शेतावर गेला’ या वाक्यात पाऊस हा अडथळा आहे. मग ‘मुसलमान असूनही’ या शब्दांत अडथळा काय झाला? मुसलमान असणं. म्हणजे मुसलमानाचा स्वाभाविक कल महाराष्ट्राच्या विरोधात असतो, हा गडी तेवढा त्यातून सुटला, असं ते वाक्य न बोलता सांगून जातं. आचार्य अत्रे हिंदू असूनही संयुक्त महाराष्ट्रासाठी लढले, असं कुणी लिहीत नाही. लिहिलं तर लोक हसतील. अमर शेखांबद्दल लिहिलं की कुणी हसत नाही. उलट आपलीच माणसं ते पुढे पाठवतात, कारण त्यांना वाटतं, एक दाखला हाती लागला.

दाखला काय असतो, हे आपल्याइतकं कुणाला ठाऊक? रहिवासी दाखला, जातीचा दाखला, शाळा सोडल्याचा दाखला. कुणी मागितला की खिडकीसमोर उभं राहून द्यायचा कागद. कलावंताचा असा कागद केला की त्याची कला वाचायची गरज उरत नाही. नाव दाखवलं, काम झालं.

आधी हा माणूस कोण होता ते पाहू. २० ऑक्टोबर १९१६ रोजी बार्शीत जन्म. मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. घरची गरिबी. आई मुनेरबी यांच्या तोंडची गाणी ऐकत ते वाढले आणि हीच त्यांची पहिली शाळा. मोटारीवर क्लीनरचं काम केलं, गिरणीत राबले, संपात उतरले, तुरुंग पाहिला, कम्युनिस्ट झाले. मग मुंबई. तिथे अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्यासोबत लाल बावटा कलापथक. ‘कलश’ आणि ‘धरतीमाता’ हे त्यांचे कवितासंग्रह. ‘पहिला बळी’ हे नाटक. २९ ऑगस्ट १९६९ रोजी अपघातात ते गेले, तेव्हा वयाची त्रेपन्न वर्षंही पूर्ण झाली नव्हती. त्यांची मुलगी मलिका अमर शेख आज मराठीतली महत्त्वाची कवयित्री आहे.

चळवळीतलं नाव घेताना मेहबूब हुसेन पटेल यांना कोणतंही नाव चालून गेलं असतं. ‘शाहीर अमर’ एवढं पुरेसं होतं. तरी ‘शेख’ राहिलं. त्या काळातल्या मुंबईत, फाळणीच्या जखमा ओल्या असताना, लाखालाखाच्या सभेत हे नाव पुकारलं जायचं आणि लोक टाळ्या वाजवायचे. त्या नावामागे ‘असूनही’ नव्हतं आणि नावाची लपवाछपवीही नव्हती.

आता ते गात काय होते, ते बघा. कलापथकाच्या पोवाड्यांची नुसती नावं घेतली तरी ध्यानात येतं. अण्णाभाऊंनी ‘बंगालची हाक’ लिहिला तो बंगालच्या दुष्काळावर. ‘अमळनेरचे अमर हुतात्मे’ लिहिला तो अमळनेरच्या गोळीबारात पडलेल्या कामगारांवर. ‘पंजाब-दिल्लीचा दंगा’ लिहिला तो फाळणीच्या कत्तलींवर. ‘मुंबईचा कामगार’ लिहिला तो रोज समोर बसणाऱ्या माणसावरच. परळ-लालबागच्या चाळीतल्या ज्या माणसाने बंगाल कधी पाहिला नव्हता, त्याला तिथल्या भुकेची आठवण या मंडळींनी दिली. जो दंगा त्याने अनुभवला नव्हता, त्याची शरम त्याला वाटायला लावली. वर्तमानपत्रात बातमी दुसऱ्या दिवशी शिळी होते. डफावर चढलेली बातमी मात्र माणूस घरी नेतो, गिरणीत गुणगुणतो, पोराला शिकवतो. लोकांची सामुदायिक आठवण अशी बनते. कुणीतरी ती घडवावी लागते आणि शाहीर हा तिचा कारागीर असतो.

सरकारला हे बरोबर कळत होतं. तेव्हाच्या मुंबई सरकारने लाल बावटा कलापथकावर बंदी घातली होती, ती काही सूर बिघडला म्हणून नव्हे.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांनी तेच केलं. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी फ्लोरा फाउंटनजवळ आंदोलकांवर गोळ्या चालल्या. जानेवारी १९५६ मध्ये मुंबईत पुन्हा रक्त सांडलं. मुख्यमंत्री मोरारजी देसाई होते. सत्तेच्या लेखी मेलेले लोक दंगेखोर होते. त्यांना हुतात्मा करायचं काम अत्र्यांच्या लेखणीने आणि अमर शेखांच्या गळ्याने केलं. मैदानामैदानात, गावागावात. आज आपण सहज ‘१०६ हुतात्मे’ म्हणतो. हा आकडा आपोआप लोकांच्या ओठांवर आलेला नाही. सरकारची भाषा एक, लोकांची भाषा दुसरी, अशी ती झुंज होती आणि लोकांच्या बाजूने ती शाहिरांनी जिंकली. २१ नोव्हेंबर १९६१ ला त्याच चौकात स्मारक उभं राहिलं, ते त्यानंतर.

म्हणून माझा पहिला सवाल दाखला मागणाऱ्यांना आहे. तुम्ही ज्यांना ‘चांगले मुसलमान’ म्हणून डोक्यावर घेता, ते आयुष्यभर सत्तेच्या विरोधात उभे होते. दिल्लीच्या निर्णयाला नाही म्हणत होते. पोलिसांनी मारलेल्यांना हुतात्मा म्हणत होते. गिरणीमालकाला आणि सावकाराला भर चौकात नाव घेऊन विचारत होते. आज शेख नावाचा एखादा पोरगा डफ घेऊन अंबडच्या बाजारात उभा राहिला आणि उसाच्या थकलेल्या बिलावर, ऊसतोड कामगाराच्या उचलीवर, पोलिसांच्या लाठीवर गाऊ लागला, तर त्याला तुम्ही काय म्हणाल? त्याचा फोटो १ मे ला फिरवाल, की त्याचा मोबाइल तपासायला लावाल? मेलेला अमर शेख गोड लागतो, कारण तो आता नवा पोवाडा रचत नाही.

दुसरा सवाल पुरोगामी मित्रांना. हे लोक अमर शेखांची आठवण ठेवतात, त्याबद्दल त्यांचे आभारच मानायला हवेत. पण त्यांच्यातले काही जण सांगतात, की शाहीर जातिधर्माच्या पलीकडे गेले होते, त्यांना मुसलमान म्हणणं हाच संकुचितपणा. मला हे पटत नाही. अण्णाभाऊंचं साहित्य वाचताना त्यांचा मांगवाड्यातला जन्म बाजूला ठेवा, असं कुणी म्हणत नाही आणि म्हणूही नये. त्या वस्तीने त्यांना दृष्टी दिली. मग मुनेरबीच्या घराने अमर शेखांना काहीच दिलं नाही का? जात्यावरची ओवी आमच्या आयाही गात आल्या. पीठ दळणाऱ्या बाईचा धर्म जात्याने कधी विचारला नाही, पण म्हणून तिला धर्म नव्हता असं होत नाही. पलीकडे जाणारा माणूस कुठून निघाला, ते पुसून टाकलं तर त्याने कापलेलं अंतरही पुसलं जातं. गेल्या वर्षी एका कार्यक्रमात मला बोलावलं होतं. पत्रिकेत माझ्या नावापुढे लिहिलं होतं, ‘मुस्लिम समाजाच्या वतीने’. बाकीचे वक्ते स्वतःच्या वतीने बोलणार होते. मी आयोजकांना म्हटलं, मी शाहिरांच्या पोवाड्यावर बोलेन, समाजाने मला वकीलपत्र दिलेलं नाही. त्यांनी ती ओळ काढली, हे सांगायला हवं. पण ती लिहिताना कुणाचाही हात अडखळला नव्हता, हेही खरंच.

तिसरा सवाल आपल्याच घरात. हा सगळ्यात अवघड.

मोहल्ल्यातल्या एका बुजुर्गांना मी म्हटलं, मुलांना अमर शेख शिकवायचेत. ते म्हणाले, “टीचर, वो तो कम्निस था. गाने-बजानेवाला. उसका अपने बच्चों को क्या फायदा?” त्यांच्या बोलण्यात द्वेष नव्हता, परकेपणा होता. कम्युनिस्ट, त्यात गाणारे, त्यात आंतरधर्मीय लग्न केलेले. तिन्ही गोष्टी मान्य. आता माझं ऐका.

गाणं आपल्याला परकं कधी झालं? हजार-तेराशे वर्षांपूर्वी, इसवी सन ६८० मध्ये, करबलाच्या वाळवंटात इमाम हुसैन आणि त्यांचे मूठभर साथीदार तहानलेले मारले गेले. सत्तेने तेव्हा त्यांना बंडखोर ठरवलं होतं. त्यांची आठवण कुणी जागती ठेवली? दरबारी बखरींनी नव्हे. मर्सिया म्हणणाऱ्यांनी. दखनीत मर्सिये झाले, लखनौला मीर अनीस झाले आणि आपल्या मराठवाड्यात खेडोपाडी मोहरमच्या सवारीपुढे हिंदू-मुसलमान दोघेही चालले. आता काही जण तेही बंद करा म्हणतात. तो वाद वेगळा. मला इतकंच म्हणायचं आहे, की हरलेल्यांची, मारलेल्यांची आठवण स्वरात बांधून ती पिढ्यान्‌पिढ्या पोचवायची, हे ज्या समाजाला इतक्या लवकर कळलं, त्या समाजाने पोवाड्याला परकं म्हणावं, हे आश्चर्य आहे. मर्सिया आणि पोवाडा सख्खे भाऊ नसतील, पण एका आळीतले नक्कीच आहेत.

आणि पोवाड्याच्या घरात आपण पाहुणेही नाही. पेशवाईच्या काळातले सगनभाऊ मुसलमान होते, शिकलगार होते आणि मराठी लावणी-पोवाड्याचा इतिहास त्यांच्यावाचून लिहिता येत नाही. त्याच्या कितीतरी आधी श्रीगोंद्याचे शेख महंमद मराठीत ‘योगसंग्राम’ लिहून गेले. १९९० साली सोलापुरात मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरलं, तेव्हा ही परंपरा नव्याने जन्माला आली नाही. तिने आपलं नाव पुन्हा पुकारलं इतकंच.

माझ्या वर्गातल्या मुलांना बाहेर एक प्रश्न हमखास विचारला जातो : तुम्ही मराठी की मुसलमान? विचारणारा बहुतेक वेळा सहज विचारतो. मुलं गोंधळतात. कुणी ‘मुसलमान’ म्हणून गप्प बसतं, कुणी आवेशाने ‘मराठी’ म्हणतं आणि घरी आल्यावर त्यालाच कसंतरी वाटतं. या मुलांना मी अमर शेखांचं नाव उत्तर म्हणून पाठ करायला देणार नाही. प्रश्नच चुकीचा आहे, हे ओळखता यावं म्हणून अमर शेख शिकवायचे. हुतात्म्यांच्या यादीत सिताराम बनाजी पवार आहेत, जोसेफ डेव्हिड पेजारकर आहेत, चिमणलाल शेठ आहेत, के. जे. झेवियर आहेत आणि महमद अलीही आहेत. गोळीने कुणाला विचारलं नव्हतं, तू मराठी की आणखी कोण. शाहिरानेही विचारलं नाही. यादी एकच राहिली. या यादीची वाटणी करून आपापल्या समाजाचे हुतात्मे वेचायला बसलो, तर शाहिराचं काम आपणच उसवलं म्हणायचं.

आता आमच्या मुलखाकडे येते, कारण खरी नड इथे आहे. बार्शी ब्रिटिश हद्दीत होती, निजामाच्या उस्मानाबाद जिल्ह्याला अगदी खेटून. अंबड तालुका निजामाच्या हद्दीत. मराठवाडा १ नोव्हेंबर १९५६ ला द्वैभाषिक मुंबई राज्यात आला, १९६० ला महाराष्ट्रात. त्याआधीचं १९४८ आमच्याकडे अजून दोन वेगळ्या घरांत दोन वेगळ्या तऱ्हांनी सांगितलं जातं. एका घरात रझाकारांनी केलेली लूट, जाळपोळ आणि खून. दुसऱ्या घरात पोलीस ॲक्शननंतरचे दिवस : पळापळ, विहिरी, परत न आलेली माणसं. पहिल्या घराच्या आठवणीला १७ सप्टेंबरचा झेंडा आहे, स्तंभ आहेत, पाठ्यपुस्तक आहे आणि ते योग्यच आहे. दुसऱ्या घराच्या आठवणीला दार लावून कुजबुजण्याखेरीज काही नाही. पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांना भारत सरकारनेच पाठवलं होतं. त्यांच्या अहवालात मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार आहे आणि सगळ्यात जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद, नांदेड, बिदर आणि गुलबर्गा आहेत. तो अहवाल कित्येक दशकं सरकारी कपाटात पडून राहिला.

कुजबुजीत वाढलेली आठवण विषारी होते. तिला हिशेब चुकता करायची भाषा येते, रडायची येत नाही. आणि फक्त झेंड्याच्या सावलीत वाढलेली आठवण माजते. तिला शेजारच्या घरातलं मयत दिसत नाही. इथे मला अमर शेखांची उणीव भासते. ‘पंजाब-दिल्लीचा दंगा’ गाणाऱ्या पथकाची रीत पकडून एखाद्याने मराठवाड्याचा पोवाडा रचला असता, तर त्यात रझाकारांच्या हातून मेलेला शेतकरी असता, २२ ऑगस्ट १९४८ रोजी रझाकारांनीच मारलेले ‘इमरोज’चे संपादक शोएबुल्ला खान असते आणि नंतरच्या दिवसांत विहिरीत ढकललेला, रझाकारीशी काडीचा संबंध नसलेला विणकरही असता. एकाच डफावर. एकाच गर्दीपुढे. असा पोवाडा ऐकायला जिगर लागते, रचायला त्याहून जास्त. म्हणून तो रचला गेला नाही आणि आपण मात्र अमर शेखांचा फोटो फिरवून मोकळे होतो.

आमच्या तालुक्याला अलीकडे सगळा महाराष्ट्र ओळखतो. १ सप्टेंबर २०२३ ला अंतरवाली सराटीत लाठीमार झाला. जून २०२४ मध्ये वडीगोद्रीत दुसऱ्या मागणीचा मांडव पडला. आरक्षणाचा वाद इथे सोडवायचा नाही. पण दोन मांडव इतके जवळ आणि दोन्हीकडच्या पोटातली कळ एकच : पडेल भावाचा कापूस, तुकडे पडलेली जमीन, नोकरीविना बसलेली पोरं. या सगळ्याला एका गाण्यात ओवणारा शाहीर कुठेच नाही. जयंत्यांना आता डीजे आहे. प्रत्येक समाजाची गाणी वेगळी आणि त्यांतली कितीतरी शेजाऱ्याला खिजवण्यासाठीच बनवलेली. आवाज भिंती हादरवतो, पण दुसऱ्या दिवशी कानात शब्द राहत नाही. अमर शेखांच्या गळ्याची ताकद लोक अजून सांगतात, ती आवाज मोठा होता म्हणून नाही. त्या आवाजात गिरणीतल्या प्रत्येकाला आपलं दुखणं ऐकू येत होतं.

कुणी म्हणेल, टीचर, काळ बदलला, आता पोवाडा कोण ऐकतो? डफच हवा असा माझा हट्ट नाही. मोबाइलवर रॅप गाणारी पोरं आहेत, भिंतीवर चित्रं काढणारी आहेत, छोटे माहितीपट करणारी आहेत. साधन कोणतंही असो. सवाल इतकाच, की त्यात फक्त आपल्या घरातलं मयत आहे, की शेजाऱ्याचंही आहे?

टीका केली की करायचं काय, तेही सांगायला हवं. मुंबई विद्यापीठात शाहीर अमर शेख यांच्या नावाचं अध्यासन आहे, ही चांगली गोष्ट. पण अंकुशनगरच्या, अंबडच्या, शहागडच्या पोरांपर्यंत अध्यासन चालत येणार नाही. ते आपण आणायचं. उर्दू शाळांतल्या माझ्या सहकाऱ्यांना विनंती आहे : अमर शेखांची दोन-चार गीतं उर्दू लिपीत उतरवून घ्या, म्हणजे जी मुलं मराठी अडखळत वाचतात, त्यांच्याही ओठांवर ती येतील. मराठी शाळांतल्या सहकाऱ्यांना विनंती : महाराष्ट्र दिनाला भाषणं कमी करा आणि १०६ नावं मुलांकडून मोठ्याने वाचून घ्या, एकही न गाळता. दहा मिनिटं लागत नाहीत.

आणि प्रत्येक घराला विनंती. ज्यांनी १९७२ चा दुष्काळ पाहिला, रोजगाराच्या कामावर खडी फोडली, सुकडी आणि मिलो खाल्ला, ती माणसं आता मोजकी उरली आहेत. १९४८ पाहिलेली तर बोटांवर मोजण्याइतकी. त्यांच्यापाशी पोरांना वही घेऊन बसवा. कारखान्याच्या पट्ट्यात हंगामाला उतरणाऱ्या तोडकऱ्यांच्या कोपीवर जा. पहाटेच्या थंडीत मोळी उचलणाऱ्या बाया काही गात असतील, तर ते लिहून घ्या. नाव कोणत्या धर्माचं, ते वहीच्या समासात राहू द्या. वहीत दुखणं येऊ द्या.

२० ऑक्टोबरला शाहिरांची जयंती येते. त्या दिवसापर्यंत अशा वीस वह्या भराव्यात, असं मी माझ्या मुलांना सांगितलं आहे. आजवर सहा आल्या. एका वहीत एका आजीने सांगितलेली १९७२ ची हकिकत आहे, खडी फोडताना दोघीत एक भाकरी खाल्ल्याची. दुसरी बाई कोण होती, असं मुलीने विचारलं, तर आजीने नुसतं गावाचं नाव सांगितलं. ज्या मुलांना यातून गाणं सुचेल, त्यांनी ते गावं. कुणाला दाखवण्यासाठी नव्हे, आणि कुणी मागितलं म्हणून तर मुळीच नव्हे.